‘पिशवी’ काढल्यानंतर हाडांचे काय?

इस्ट्रोजेनला ‘स्त्रियांचे संप्रेरक’ म्हणण्याची सवय आपल्याला शालेय पाठ्यपुस्तकापासूनच लागते. अंडाशय, मासिक पाळी, गर्भधारणा इतका प्रवास करून धडा संपतो आणि वाचणाऱ्याची अशी समजूत होते की, अपत्ये झाली म्हणजे या संप्रेरकाचे काम झाले. माझ्या मते ही समजूत केवळ अपुरी नाही, ती घातक आहे.

१९९४ साली वैद्यकीय साहित्यात एका पुरुष रुग्णाची नोंद प्रसिद्ध झाली. वय २८ वर्षे, उंची २०४ सेंटिमीटर, आणि वाढ अजून चालूच! त्याच्या हाडांच्या टोकांकडील वाढीच्या चकत्या मिटल्याच नव्हत्या. हाडे मात्र ठिसूळ झाली होती. टेस्टोस्टेरॉनची त्याच्याकडे कमतरता नव्हती. दोष होता तो इस्ट्रोजेनचा संदेश स्वीकारणाऱ्या ग्राही प्रथिनाच्या जनुकात. पुरुषाच्या शरीरातही अ‍ॅरोमॅटेज हे विकर टेस्टोस्टेरॉनच्या काही अंशाचे इस्ट्रोजेनमध्ये रूपांतर करते, आणि हाडांना खरी गरज असते ती त्याचीच. (रजोनिवृत्त स्त्रीच्या रक्तापेक्षा तिच्याच वयाच्या पुरुषाच्या रक्तात इस्ट्रोजेन सहसा अधिक असते, हे सांगितले की वर्गात हमखास कुजबुज होते.)

हाड ही घडवून ठेवलेली निर्जीव वस्तू नव्हे. काही पेशी ते सतत कुरतडत असतात, काही नव्याने भरत असतात. कुरतडणाऱ्या पेशींना आवर घालणे हे इस्ट्रोजेनचे एक मोठे काम. तो आवर सुटला की भरणीपेक्षा झीज वाढते आणि रजोनिवृत्तीनंतरच्या पहिल्या काही वर्षांत ती सर्वांत वेगाने होते. रक्तवाहिन्या, मेंदू, त्वचा, मूत्रमार्ग यांनाही या संप्रेरकाची अनुपस्थिती जाणवते.

आता आपल्या देशाकडे पाहू. भारतीय स्त्रीची रजोनिवृत्ती सरासरी ४६-४७व्या वर्षी येते, म्हणजे पाश्चात्त्य स्त्रीपेक्षा काही वर्षे आधीच. त्यात राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीनुसार १५ ते ४९ वयोगटातील सुमारे ३ टक्के स्त्रियांचे गर्भाशय काढलेले आहे. आंध्र प्रदेश आणि तेलंगणात हे प्रमाण सर्वाधिक. राजस्थान, बिहार आणि छत्तीसगडमधील अनावश्यक शस्त्रक्रियांचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. केंद्रीय आरोग्य मंत्रालयाने २०२२ मध्ये तयार केलेली मार्गदर्शक तत्त्वे सर्व राज्यांनी तीन महिन्यांत स्वीकारावीत, असा आदेश न्यायालयाने एप्रिल २०२३ मध्ये दिला. आपल्या बीड जिल्ह्यातील ऊसतोड कामगार स्त्रियांची कहाणी मराठी वाचकांना नव्याने सांगायला नको.

या साऱ्या चर्चेत गर्भाशयाचा उल्लेख होतो, अंडाशयांचा क्वचितच. बोलीभाषेत तर ‘पिशवी काढली’ या दोन शब्दांत सारेच आटोपते. पण निव्वळ गर्भाशय काढणे आणि त्यासोबत दोन्ही अंडाशय काढणे यांत फार मोठे अंतर आहे. पहिल्या प्रकारात पाळी थांबते, तरी इस्ट्रोजेन बहुधा चालू राहते, फार तर रजोनिवृत्ती थोडी अलीकडे सरकते. दुसऱ्या प्रकारात ती एका दिवसात येते. पस्तिशीतील स्त्रीच्या हाडांना दहा-बारा वर्षांचा आधार त्या टेबलावरच गमवावा लागतो.

अशा स्त्रीला नैसर्गिक रजोनिवृत्तीच्या वयापर्यंत इस्ट्रोजेन बाहेरून द्यावे, विशिष्ट आजारांमुळे ते निषिद्ध असेल तरच टाळावे, याविषयी तज्ज्ञांमध्ये बऱ्यापैकी एकमत आहे. तरीही ‘हार्मोन म्हणजे कर्करोग’ ही भीती आड येते. तिचे मूळ २००२ साली मध्येच थांबवलेल्या अमेरिकी चाचणीत आहे. त्या चाचणीतील स्त्रियांचे सरासरी वय ६३ होते आणि स्तनकर्करोगाचा वाढलेला धोका इस्ट्रोजेनसोबत प्रोजेस्टिन घेणाऱ्या गटात दिसला होता. गर्भाशय काढलेल्या, केवळ इस्ट्रोजेन घेणाऱ्या गटात तो वाढलेला आढळला नाही. तो निष्कर्ष पस्तिशीतल्या बाईला लावणे हे विज्ञान नव्हे.

महागडी यंत्रणा उभारण्यापूर्वी एक साधी गोष्ट करता येईल. रुग्णालयातून घरी जाताना मिळणाऱ्या कागदावर, त्या स्त्रीला वाचता येईल अशा भाषेत, एक ओळ सक्तीची करावी: अंडाशय ठेवले की काढले, आणि काढले असल्यास का.