सईंचं दूरदर्शन

दिग्दर्शिका सई परांजपे यांच्याविषयी लिहायचं झालं की 'स्पर्श', 'चश्मेबद्दूर', 'कथा' ही चित्रपटांची नावं आधी येतात. मग कुठेतरी 'त्यांनी दूरदर्शनसाठीही काम केलं' असं एक वाक्य येतं. त्यांच्या कारकिर्दीवर या वाक्याने फार मोठा अन्याय केला आहे.

पुणे आकाशवाणी, मुलांची नाटकं, दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय आणि मग दिल्ली दूरदर्शनची नोकरी, अशी त्यांची वाट. १९७२ मध्ये त्यांनी टीव्हीसाठी केलेल्या 'द लिटल टी शॉप'ला तेहरानमध्ये आशियाई प्रसारण संघटनेचा पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी मुंबई दूरदर्शन सुरू झालं आणि त्याचा उद्घाटनाचा कार्यक्रम करायला सईंनाच बोलावलं गेलं. 'स्पर्श' यायला तेव्हा बराच अवकाश होता.

दूरदर्शनच्या या कामातच पुढच्या चित्रपटांची बीजं आहेत. 'चश्मेबद्दूर'चं मूळ 'धुआँ धुआँ' या दूरदर्शनसाठी केलेल्या नाट्यात आहे. 'स्पर्श'ही आधी छोट्या पडद्यावर 'रैना बीती जाये' म्हणून आकाराला आला होता. त्या काळचा टीव्ही म्हणजे लहानसा स्टुडिओ, मोजके नट, अपुरा पैसा आणि घरात बसून पाहणारा प्रेक्षक. तिथे भव्यतेचा आधार नव्हता. माणसं कशी बोलतात, कुठे थांबतात, कोणती गोष्ट लपवतात, एवढंच दाखवता येई. सईंच्या सिनेमाची ताकद नेमकी हीच आहे. 'चश्मेबद्दूर'मध्ये धुण्याची पावडर विकायला दारात आलेली मुलगी, बादलीत बुडवलेला टॉवेल आणि बावरून गेलेला विद्यार्थी एवढ्या सामग्रीवर त्यांनी हिंदी सिनेमातला सर्वांत लोभस प्रेमप्रसंग उभा केला. 'स्पर्श'मधला अंधशाळेचा मुख्याध्यापक कुणाची दया घेत नाही, प्रेमातही घेत नाही. त्याच्या बोलण्यातली धार जवळून, शांतपणे ऐकवावी लागते. या पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

चित्रपटांत नाव झाल्यावरही त्यांनी टीव्हीकडे पाठ फिरवली नाही. स्वतःच्या 'सख्खे शेजारी' नाटकावरून १९८४ मध्ये त्यांनी 'अडोस पडोस' ही मालिका केली आणि त्यानंतर 'छोटे बडे'. पुढे गिरणगावात पोटासाठी आलेल्या गावकऱ्यांवरचा 'दिशा' हा चित्रपट आला. महाराष्ट्रातल्या खेड्यातल्या बायकांच्या दारूबंदी लढ्यावर 'चूडियाँ' हा लघुपट आला, त्यालाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चित्रपट, मालिका, माहितीपट यांत त्यांनी वरची-खालची पंगत कधी मांडली नाही. ती समीक्षकांनी मांडली, आणि पुरवण्यांतून आपणही ती चालू ठेवली.

या भेदभावाचे परिणाम गंभीर आहेत. 'चश्मेबद्दूर'ची प्रत दुरुस्त होऊन २०१३ मध्ये पुन्हा चित्रपटगृहांत लागली. नव्या पिढीने ती पाहिली. टीव्हीवरच्या कामाला असा कैवारी मिळत नाही. सुरुवातीच्या काळात टेप महाग असत, म्हणून जुनं पुसून त्यावरच नवं चित्रण करण्याची रीत दूरदर्शनमध्ये होती. त्यात किती दिग्दर्शकांची वर्षानुवर्षांची मेहनत गेली असेल, या विचाराने जीव कळवळतो. ज्या कामाला आपण दुय्यम म्हणतो, ते जपायला कुणी धडपडत नाही.

सईंना २००६ मध्ये पद्मभूषण मिळालं, पण सन्मानाने काम जपलं जात नाही. त्यांच्या पिढीची टीव्हीवरची जी काही नाट्यं, मालिका आणि लघुपट आज दूरदर्शनच्या कपाटांत शिल्लक असतील, त्यांची यादी दूरदर्शन चालवणाऱ्या प्रसार भारतीने जाहीर करावी, त्यांच्या चांगल्या प्रती काढाव्यात आणि त्या सर्वांना पाहायला खुल्या कराव्यात. सार्वजनिक पैशातून झालेलं हे काम आहे, ते पाहण्याचा हक्क प्रेक्षकांनी मागितलाच पाहिजे.