पटवर्धनांचा कॅमेरा आणि आपला मोबाईल

माझं गाव नेसरी. २४ फेब्रुवारी १६७४ रोजी प्रतापराव गुजर इथल्या खिंडीत सहा सोबत्यांसह बहलोलखानाच्या फौजेवर तुटून पडले आणि सातही जण कामी आले. परंपरेने सांगितल्या जाणाऱ्या त्या सात नावांत सिद्दी हिलाल हेही एक नाव आहे. शाळेत असताना स्मारकावर कितीदा गेलो, पण हे नाव मला कुणी सांगितलं नाही. शिवरायांच्या फौजेत मुसलमानही होते, हे पुढे कॉलेजात कॉम्रेड गोविंद पानसरेंच्या ‘शिवाजी कोण होता?’मधून नीट कळलं.

फेब्रुवारी २०१५ मध्ये आमच्याच जिल्ह्याच्या ठिकाणी, कोल्हापुरात, पानसरेंवर गोळ्या झाडल्या गेल्या. दाभोलकर आणि पानसरे यांच्या हत्यांचा माग घेणारा ‘विवेक’ हा माहितीपट २०१८ साली आला. तो बघताना मी आनंद पटवर्धन या माणसाकडे पहिल्यांदा नीट पाहिलं.

पटवर्धन सत्तरच्या दशकापासून स्वतंत्रपणे माहितीपट करतात. पहिला माहितीपट बिहारमधल्या जेपी आंदोलनावर. आणीबाणीत त्याची रिळं तुकड्यातुकड्यांनी देशाबाहेर न्यावी लागली. मग राजकीय कैदी, मुंबईतले झोपडीवासी, पंजाब, नर्मदा, अण्वस्त्रं. ‘राम के नाम’ (१९९२) आपल्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. त्यात अयोध्येचे पुजारी लालदास कॅमेऱ्यासमोर शांतपणे सलोख्याची बाजू मांडतात. १९९३ मध्ये त्यांची हत्या झाली. त्यांचा आवाज आज ऐकू येतो, कारण कुणीतरी वेळेवर तिथे जाऊन तो टिपून ठेवला.

पण माहितीपट बनवून काम संपत नाही. ‘राम के नाम’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तरी दूरदर्शन तो दाखवेना. न्यायालयात जावं लागलं. ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’साठी लढाई सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली आणि २००६ मध्ये निकाल त्यांच्या बाजूने लागला. ‘जंग और अमन’मध्ये सेन्सॉर बोर्डाने सुचवलेल्या काटछाटी २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने रद्द केल्या. या माणसाचं अर्धं करिअर एडिटिंग टेबलावर, तर अर्धं कोर्टाच्या पायऱ्यांवर गेलं, असं म्हटलं तरी चालेल. त्यांनी दगड उचलला नाही, संविधानातलं कलम १९ उचललं.

आता आपल्याबद्दल. ‘मीडिया आपल्याला दाखवत नाही, दाखवलं तर खलनायक म्हणून दाखवतो,’ ही आपली तक्रार खरीच आहे. पण आपल्या प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. त्याचं आपण काय करतो? मी सॉफ्टवेअरवाला, त्यामुळे आधी स्वतःचंच सांगतो. गावाकडे काही घडलं की ग्रुपवर व्हिडिओ येतो. मी चिडतो, फॉरवर्ड करतो आणि पुन्हा लॅपटॉपकडे वळतो. तारीख, ठिकाण, आधी काय झालं, नंतर काय झालं, काहीच लिहून ठेवत नाही. आठवड्याने तो व्हिडिओ पुरावा राहत नाही, नुसता राग उरतो.

याउलट, ‘जय भीम कॉम्रेड’ला चौदा वर्षं लागली. १९९७ मध्ये रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मेले. त्यानंतर शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. तिथून सुरू झालेलं काम २०११ मध्ये पूर्ण झालं. तेवढी वर्षं ते त्या माणसांकडे जात राहिले.

आणखी एक गोष्ट. ‘हमारा शहर’मध्ये (१९८५) झोपडपट्टीतली एक बाई खुद्द पटवर्धनांनाच सुनावते, की गरिबांची चित्रं काढून तुम्ही नाव कमावणार, आमचं काय होणार? हा भाग त्यांना सहज कापता आला असता. त्यांनी तो ठेवला. आपल्यात एवढी हिंमत आहे? मोहल्ल्यात तलाक मिळून माहेरी बसलेल्या बहिणीने आपल्याच कॅमेऱ्यात आपल्यालाच प्रश्न विचारले, तर आपण रेकॉर्डिंग चालू ठेवू का?

सगळ्यांनी माहितीपटकार व्हावं, असं माझं म्हणणं नाही. या सुट्टीत मी नेसरीला जाऊन गावातल्या म्हाताऱ्या माणसांना बोलतं करणार आहे. ईद, उरूस, शिवजयंती पूर्वी कशी व्हायची, कोण कुणाच्या दारी जायचं, हे सगळं तारखेसकट नोंदवणार आहे. तुम्हीही आपापल्या गावात एवढं करा. नाहीतर उद्या आपल्या मुलांनाही सिद्दी हिलालचं नाव कुणी सांगणार नाही, आणि तेव्हा दोष द्यायला समोर दुसरं कुणी नसेल.