चाकूने मोडलेला तह

इंदूरच्या पोलोग्राउंडवर आता घोडे दौडत नाहीत. कारखान्यांच्या शेड आहेत, वीज वितरण कंपनीचे मुख्यालय आहे. पोलो उरला तो नावापुरता, आणि तो खेळ काही सोवळा नव्हे. धावत्या घोड्याला घोडा भिडवून प्रतिस्पर्ध्याला बाजूला रेटणे त्यात रीतसर चालते. पण चेंडूमागे सुटलेल्या स्वाराची वाट आडवी कापता येत नाही, आणि डावखुऱ्यालाही काठी उजव्याच हातात धरावी लागते.

रांगडेपणालाही असे नियम असतात, आणि ते मारामारीच्या सिनेमातही दिसतात. ताकाशी मिइके यांच्या ‘क्रोज झीरो’ या जपानी सिनेमावर (२००७) ठरलेला आक्षेप असा, की असले सिनेमे पाहून पोरे गुंड होतात. आक्षेपाला जागा आहे, हे खरे. सुझुरान हे मुलांचे हायस्कूल, तिथे वह्या-पुस्तकांपेक्षा गुद्द्यांचाच हिशेब जास्त. याकुझा टोळीच्या म्होरक्याचा मुलगा गेंजी येतो तो शिकायला नव्हे, शाळा जिंकायला.

पण आक्षेप घेणाऱ्यांनी दुसरा भाग (२००९) पाहिलेला दिसत नाही. त्यातले सगळे वैर एका चाकूपासून सुरू होते. सुझुरानच्या एका पोराने होसेन शाळेच्या म्होरक्याला भोसकलेले असते. मारामारी हाताने करायची, हत्यार काढायचे नाही, हा अलिखित करार तिथे मोडतो. भोसकणारा बालसुधारगृहातून सुटताच दोन्ही शाळांमधला तोवर टिकलेला तह कोसळतो. हत्याराला शौर्य समजणारा सिनेमा असे कथानक कशाला रचेल?

इंदूरकरांना हे परके वाटू नये. कापडगिरण्या बंद पडल्या, तरी अनंत चतुर्दशीच्या रात्री त्या गिरण्यांच्या झाँक्यांसोबत, म्हणजे चलदेखाव्यांसोबत, आखाडे निघतातच. लाठी फिरते, तलवार फिरते, एक आखाडा दुसऱ्यावर कुरघोडी करायला बघतो. मात्र शेजारी उस्ताद उभा असतो, आणि पात्याने कोणाचे अंग कापायचे नसते. प्रवीण तरडे यांच्या ‘मुळशी पॅटर्न’ या सिनेमात (२०१८) असा उस्तादच नाही. जमीन विकली गेली, घर रस्त्यावर आले, आणि पोराला हाताशी धरायला पुढे आला तो गुंडच. पोर बिघडायला तिथे कुठल्या सिनेमाची गरज पडली?

मिइके यांचा एक दोष मात्र झाकता येणार नाही. इतके फटके खाऊन ही पोरे पुन्हा ताठ उभी राहतात, आणि हे निव्वळ खोटे आहे. तरी पहिल्या भागात पावसाचिखलातली मोठी लढाई चालू असताना गेंजीचा प्रतिस्पर्धी सेरिझावा याचा जिवलग मित्र तोकिओ मेंदूच्या शस्त्रक्रियेसाठी टेबलावर पडलेला असतो. कॅमेरा मैदानावरून सारखा त्या खोलीत परततो.