यॉर्कचा तट आणि कारंज्याच्या वेशी

विलायतेंतील यॉर्क शहर पाहून आलेला आमचा सुशिक्षित गृहस्थ तेथील तटाची स्तुति करतां थकत नाहीं. वर, ‘इतिहासाचें प्रेम इंग्रजांच्या रक्तांतच आहे, आमच्या नाहीं’ असा निकालहि देऊन मोकळा होतो. हा निकाल साफ खोटा आहे, आणि आळशाच्या मोठ्या सोयीचा आहे.

रोमनांनीं इ. स. ७१ मध्यें वसविलेलें आणि ३०६ त जेथें कॉन्स्टंटाइन सम्राट म्हणून पुकारला गेला, तें हें शहर. पण १८०० सालीं याच शहराच्या कारभारी मंडळानें तट पाडण्याची परवानगी पार्लमेंटाकडे मागितली होती! सबबी काय, तर डागडुजीचा खर्च झेपत नाहीं आणि वेशी अरुंद पडतात. ओळखीच्या वाटतात ना? पुढील कांहीं दशकांत वेशींपुढील चार संरक्षक कोटांपैकीं तीन जमीनदोस्त झाले. वॉल्मगेटचा तेवढा उरला. तट वांचला तो १८२४ त नागरिकांनीं स्वतः मंडळी स्थापन करून डागडुजी हातीं घेतली म्हणून, आणि विल्यम एटीसारखा चित्रकार आपल्याच गांवकऱ्यांशीं जाहीरपणें भांडला म्हणून.

आतां आमच्याकडे पाहा. आमच्या धनजचें तालुक्याचें गांव कारंजा. श्रीनरसिंहसरस्वतींचें हें जन्मस्थान. सुरतेपाठोपाठ १६७० त शिवाजीमहाराजांनीं लुटावी अशी ही श्रीमंत पेठ. दिल्ली, दारव्हा, मंगरूळ व पोहा या तिच्या चार वेशी. जिल्ह्याचें ठिकाण वाशीम म्हणजे वाकाटकांचें वत्सगुल्म. तेथें सांपडलेला विंध्यशक्तीचा ताम्रपट कांहीं संस्कृतांत, कांहीं प्राकृतांत आहे. याच घराण्याच्या हरिषेणाचा मंत्री वराहदेव, त्यानें अजिंठ्याचें सोळावें लेणें कोरविलें. यॉर्कपुढें मान खालीं घालावी असें यांत काय आहे?

‘आधीं पाणी, मग वेशी,’ असें कोणी म्हणतील. पाणी अवश्य मागा. परंतु लग्नाच्या मांडवावर आम्ही जो पैसा उधळतों, तो मागतांना पाण्याची आठवण कोणास होत नाहीं, एवढें सांगतों. ‘सरकार पाहून घेईल’ हें दुसरें उत्तर तर त्याहून निलाजरें. वेशीखालून रोज सरकार जात नाहीं. वकील, मास्तर, व्यापारी आणि त्यांचीं मुलें जातात. त्यांतील कोणी एकानें वर्गणीची वही काढावी. पहिलें नांव आमचें लिहावें. धनजहून पैसे घेऊन आम्ही येतों.