कोशाचे कुल

मृगाचा पाऊस पडून गेला की आरमोरी, सावली भागातल्या जंगलात ऐनाच्या झाडांवर कोसाकिड्यांची पहिली पाळी चढते. ऐनाला इकडे येनही म्हणतात. ढिवर समाजातली कितीतरी घरे पिढ्यान्‌पिढ्या हे काम करत आली आहेत. अळ्या एका झाडावरून दुसऱ्यावर नेणे, पाखरांपासून राखण करणे, कोश नेमका कधी तोडायचा हे ओळखणे, यासाठी त्यांना कोणाचे पुस्तक लागत नाही आणि कीटकशास्त्रातले कुलनामही लागत नाही. ते लागते अंडीपुंज पुरवणाऱ्यांना, पतंग सूक्ष्मदर्शकाखाली तपासणाऱ्यांना, कीडनोंद लिहिणाऱ्यांना आणि वनक्षेत्रातले प्रस्ताव हाताळणाऱ्यांना. म्हणजे या मासिकाच्या बहुतेक वाचकांना.

आमच्याकडे येणाऱ्या लेखांत आणि टिपणांत या कोसाकिड्याचे, म्हणजे टसर कीटकाचे, कुल निरनिराळ्या प्रकारे लिहिलेले असते. कोणी सॅटर्निडी लिहितो, कोणी सॅटर्निऑइडिया, आणि काही ठिकाणी सरळ बॉम्बिसिडी. पहिल्यात एक अक्षर गळले आहे, दुसऱ्यात वर्गीकरणाची पायरीच बदलली आहे आणि तिसऱ्यात कीटक बदलला आहे. बॉम्बिसिडी हे तुतीवरच्या रेशीमकिड्याचे कुल. आपल्या जंगलातला अँथेरिया मायलिट्टा त्या कुलातला नाही, तो सॅटर्निइडी कुलातला आहे. ही गल्लत छापून पुढे गेली की तिच्या आधाराने चुकीचा सल्लाही पुढे जातो. म्हणून या महिन्याचे संपादकीय एवढ्या एका नावासाठी.

नावाची घडण आधी पाहू. प्राण्यांच्या नामकरणाच्या आंतरराष्ट्रीय संहितेनुसार कुलाचे नाव एका आधारभूत वंशाच्या नावावरून तयार होते. वंशनामाचे मूळ अंग घ्यायचे आणि त्याला 'इडी' हा प्रत्यय लावायचा. प्रत्यय मुळात ग्रीक आणि अपत्यवाचक, पंडूचे ते पांडव म्हणावे तसा. सॅटर्निया या वंशाचे अंग सॅटर्नि, म्हणून सॅटर्निइडी. दोन इकार येतात ते यामुळे, आणि त्यातला एकही गाळता येत नाही. बॉम्बिक्सचे अंग मात्र बॉम्बिक्स नसून बॉम्बिस, म्हणून कुल बॉम्बिसिडी. उपकुलाला 'इनी' लागतो, अधिकुलाला 'ऑइडिया'. ही दोन्ही कुले बॉम्बिकॉइडिया या एकाच अधिकुलात बसतात, त्यामुळे त्यांना भावंडे म्हणायला हरकत नाही. पण घरे वेगळी.

सॅटर्निया हे वंशनाम श्रांक या जर्मन अभ्यासकाने १८०२ साली दिले आणि १८३०च्या दशकात बुआदुव्हालने त्यावरून कुल उभे केले. पंखांवरचे गोल ठिपके शनीच्या कड्यांसारखे दिसतात म्हणून हे नाव, असे सर्रास सांगितले जाते. खरा धागा रोमन पुराणातला आहे. सॅटर्निया म्हणजे सॅटर्नची मुलगी ज्युनो, आणि ज्युनोचा पक्षी मोर. या वंशातल्या युरोपीय पतंगाला लिनियसने १७५८ मध्येच मोरावरून पाव्होनिया असे नाव दिलेले होते. मोरपिसावरचे डोळे आणि पतंगाच्या चार पंखांवरचे चार डोळे अशी ती सांगड आहे. आपल्या टसर पतंगाच्या पंखांवरचे डोळे मध्यभागी पारदर्शक असतात. मादी पतंग उजेडासमोर धरला की ते सहज दिसते, आणि प्रशिक्षणात कुलाची ओळख पटवायला यापेक्षा सोपी खूण दुसरी नाही.

आता मुख्य प्रश्न: हे नाव लिहून हाती काय येते?

पहिली गोष्ट धाग्याची. तुती रेशमाचे फायब्रॉइन हे प्रथिन तीन घटकांचे असते: एक जड साखळी, एक हलकी साखळी आणि पी-२५ नावाचे तिसरे प्रथिन. अँथेरियाच्या धाग्यात हलकी साखळी आणि पी-२५ नाहीत, तिथे जड साखळ्यांची जोडी असते. तुतीच्या धाग्यात ग्लायसीन आणि अ‍ॅलॅनीन ही अमिनो आम्ले आलटून पालटून येतात, टसरमध्ये अ‍ॅलॅनीनची सलग माळ असते. टसर फायब्रॉइनमध्ये पेशींना चिकटायला मदत करणारा तीन अमिनो आम्लांचा एक क्रमही आहे, आणि त्यामुळेच जखमा व ऊती यांवर काम करणाऱ्या प्रयोगशाळा टसरकडे वळल्या. करवतकाठी साडी विणणाऱ्या विणकराला हे माहीत नसले तरी टसरचे सूत तुतीच्या सुतासारखे वागत नाही, हे त्याच्या बोटांना माहीत असते.

दुसरी गोष्ट कोशाची आणि कीटकाच्या वर्षाची. टसरची अळी आधी देठ विणते, देठाच्या टोकाला कडी करून ती डहाळीला घट्ट बसवते आणि मग कोश पुरा करते. वाऱ्यापावसात झाडावर लटकून राहायचे म्हणून ही सगळी तयारी. शेवटच्या पाळीच्या कोशातला कोषकीटक उन्हाळाभर सुप्तावस्थेत राहतो आणि पावसाळ्याच्या तोंडावर पतंग बाहेर पडतात. आपली बीजागारे चालतात ती या सुप्तावस्थेच्या भरवशावर. विदर्भाची स्वतःची 'भंडारा' ही स्थानिक जात टसरच्या यादीत नोंदलेली आहे. तिचा हंगाम, तिचे कोश, तिची तापमानाची सहनशक्ती यांचा विचार तुतीच्या मोजपट्टीने करता येणार नाही. तरीही संगोपनगृहाचे निर्जंतुकीकरण, खोलीतली आर्द्रता, रॅकवरची जागा असे तुतीचे मुद्दे जसेच्या तसे टसरच्या पत्रकात उतरलेले दिसतात. झाडावर वाढणाऱ्या अळीला खोलीची आर्द्रता सांगून काय उपयोग?

इथे एक सावधगिरी हवी, कारण कुलावर नको तेवढा भार टाकण्याचीही सवय असते. आसामची एरी, मुगा आणि आपले टसर ही तिन्ही सॅटर्निइडीतली, आणि केंद्रीय रेशीम मंडळ त्यांना 'वन्या' या एका गटात धरते. पण एरी पूर्णपणे घरात वाढते, तिच्या कोशाला टसरसारखा देठ नसतो आणि कोश एका टोकाला उघडा असल्याने त्याचा सलग धागा काढता येत नाही. तेव्हा 'सॅटर्निइडी म्हणजे जंगलात वाढणारे' असे समीकरण मांडणे चूक. कुल अपेक्षा सांगते. खात्री करून घ्यायची तर वंश आणि जातीपर्यंत उतरावे लागते.

तिसरी गोष्ट आमच्या मते सर्वांत महत्त्वाची आहे आणि तिच्याकडे सर्वांत कमी लक्ष दिले जाते. १९८०च्या वन संवर्धन अधिनियमाखाली केंद्राने जी स्पष्टीकरणे दिली, त्यांत रेशमाचे दोन भाग पडले. आदिवासींनी उपजीविकेसाठी वनक्षेत्रात केलेली टसर शेती, ऐन किंवा अर्जुनाची एकजातीय लागवड न करता केलेली असेल, तर ती वानिकी कार्य मानली जाते आणि तिच्यासाठी केंद्राची पूर्वपरवानगी लागत नाही. ऐन-अर्जुन मुद्दाम लावायचे असतील तर उभी झाडे तोडता येत नाहीत, किमान तीन जाती लावाव्या लागतात आणि कोणत्याही एका जातीने निम्म्याहून अधिक क्षेत्र व्यापता कामा नये. तुतीची लागवड मात्र वानिकीतर ठरवली गेली. म्हणजे वनक्षेत्रातल्या प्रस्तावात नुसते 'रेशीम उद्योग' असे लिहिले तर वाचणाऱ्याला कायद्याची कोणती बाजू लावायची ते कळत नाही. 'टसर, अँथेरिया मायलिट्टा, कुल सॅटर्निइडी, आधारवृक्ष ऐन' असे लिहिले की पहिल्याच ओळीत प्रश्न मिटतो. गडचिरोलीसारख्या जिल्ह्यात, जिथे बहुतेक जमीन वनाखाली आहे, एका ओळीच्या अशा मोघमपणाने एखाद्या गटाचा अख्खा हंगाम हुकू शकतो. वनरक्षक, क्षेत्र सहायक आणि रेशीम खात्याचे सहकारी यांनी निदान या एका कारणासाठी कुलाचा रकाना मनापासून भरावा.

शत्रूकीटकांच्या बाबतीत तर कुलनाम थेट हाताशी येणारे साधन आहे. आपण 'माशी' हा एकच शब्द दोन अगदी वेगळ्या कीटकांसाठी वापरतो. उझी माशी, ब्लेफॅरिपा झेबिना, टॅकिनिडी कुलातली. तिला दोन पंख, ती खरी माशी. तिची अळी कोसाकिड्याच्या शरीरात वाढून बाहेर पडते आणि मातीत किंवा फटीत कोषावस्थेत जाते. पिवळी माशी, झँथोपिंपला पेडेटर, ही इक्न्यूमोनिडी कुलातली. तिला चार पंख, ती गांधीलमाशीच्या गणातली. कीटक कोश विणायला लागला की ती त्यात अंडे घालते आणि तिचे पिल्लू मोठे होऊन कोशाला भोक पाडून बाहेर येते. अहवालात 'माशीचा प्रादुर्भाव' एवढेच असेल तर जमीन उकरून कोषिका गोळा करायच्या की भोकाचे कोश वेगळे काढायचे, हे वाचणाऱ्याने कसे ठरवावे? कुल लिहिले असेल तर शोध कुठे घ्यायचा ते त्यातच येते. तुतीवरची उझी, एक्सोरिस्टा बॉम्बिसिस, हीसुद्धा टॅकिनिडीच. त्यामुळे तिथला अनुभव इथे पडताळून पाहण्याजोगा ठरतो, पण जात वेगळी असल्याने पडताळल्याशिवाय उचलण्याजोगा नाही.

पेब्रिनचेही असेच. १८६५ नंतरची काही वर्षे लुई पाश्चरने फ्रान्समध्ये तुतीच्या किड्यांवर हा रोग अभ्यासला आणि अंडी घातलेली मादी तपासून रोगट अंडी बाद करण्याची पद्धत बसवली. रोगजंतू आईकडून अंड्यात उतरतो, हे दोन्ही कुलांत सारखे असल्याने ती पद्धत आपल्या बीजागारांतही तितकीच खरी आहे. एका कुलातले कोणते ज्ञान दुसऱ्यात न्यायचे आणि कोणते नाही, हा निवाडा करता आला पाहिजे. त्यासाठी आधी दोन्ही कुले मनात वेगळी हवीत.

नावे स्थिर नसतात, ही तक्रार आम्ही ऐकतो, आणि ती खरी आहे. रॉक्सबर्गने १८०४ साली टसरवर लिहिले ते फॅलिना पॅफिया या नावाने. हॅम्पसनच्या १८९२च्या ग्रंथात तो अँथेरिया पॅफिया आहे. आज आपण मायलिट्टा लिहितो आणि पॅफियाचा वाद अजून अधूनमधून डोके वर काढतो. सॅटर्निइडीऐवजी अ‍ॅटॅसिडी असे नावही जुन्या लिखाणात सापडते. सागाच्या बाबतीत तर हे रोजचेच आहे. पाने जाळीदार करून टाकणारी अळी, युटेक्टोना मॅकेरॅलिस, जुन्या नोंदींत पायरॅलिडी किंवा पायरॉस्टिडी कुलात आणि निराळ्या वंशनामांखाली आहे. आता ती क्रँबिडीत धरतात. सागाचे पान शिरा ठेवून फस्त करणारी हायब्लिया प्युएरा हॅम्पसनने नॉक्टुइडीत टाकली होती. आता तिचे हायब्लिइडी हे स्वतंत्र कुल आहे. आलापल्लीच्या सागवनातली जुनी फाइल उघडून आजच्या नोंदीशी जुळवणाऱ्याला हे बदल माहीत नसतील तर एकाच किडीच्या दोन किडी होतात, किंवा दोन किडींची एक. त्यावरचा उपाय नावच न लिहिणे हा नव्हे. आजचे नाव लिहावे, आणि जुना संदर्भ वापरला असेल तर त्यातले नावही सोबत द्यावे.

या मासिकापुरते काही संकेत आम्ही पुढच्या अंकापासून पाळणार आहोत. कुलनाम देवनागरीत, 'कुल' हा शब्द आधी जोडून: कुल सॅटर्निइडी. रोमन लिपीत वंश आणि जातीचे नाव तिरप्या अक्षरांत येते, कुलाचे येत नाही. देवनागरीत ती सोय नीट साधत नाही, म्हणून 'कुल' हा शब्द टाळू नये. मराठी विश्वकोशाने फॅमिलीसाठी कुल आणि ऑर्डरसाठी गण हे शब्द रुळवले आहेत, तेच आम्ही वापरू. 'प्रजाती' हा शब्द विश्वकोशातल्या नोंदींत वंशासाठी येतो आणि वर्तमानपत्रांत जातीसाठी, त्यामुळे आमच्या पानांवर तो नसेल. वंश आणि जाती एवढेच शब्द राहतील. 'सॅटर्निइडी प्रजातीचे फुलपाखरू' यासारख्या शब्दप्रयोगात एकाच वेळी दोन चुका असतात. ती ना प्रजाती, ना फुलपाखरू. अ‍ॅटलास काय, चंद्रपतंग काय, या कुलातले सगळे पतंग आहेत. आणि शास्त्रीय नावाशेजारी गावातले नाव आलेच पाहिजे. ज्याच्या शेतीवर लिहितो त्याला ते वाचून किंवा ऐकून आपला कीटक ओळखता आला पाहिजे.

एक नोंद मुद्दाम मागायची आहे. टसरच्या अळीत सोंड खुपसून रस शोषणारा ढेकूण, इओकँथेकोना फर्सेलाटा, पेंटॅटोमिडी कुलातला. या कुलातले बहुतेक ढेकूण झाडांचा रस शोषतात, म्हणून नुसते कुल वाचणाऱ्याला तो ऐनाच्या पानांवरची कीड वाटेल. त्याचे उपकुल अ‍ॅसोपिनी, आणि ते शिकाऱ्यांचे आहे. शेतात इतर अळ्या खाणारा हाच ढेकूण मित्र ठरतो, ऐनावर मात्र तो कोसाकिड्याचा वैरी. त्यामुळे रान आणि शेत जिथे लागून आहेत तिथे त्याच्याबद्दल दोन खात्यांचे दोन सल्ले निघू शकतात. या हंगामात तो कोणत्या महिन्यात, कितव्या अवस्थेतल्या अळीवर दिसला, शेजारच्या शेतात कोणते पीक उभे होते, आणि तुमच्या गावात त्याला काय म्हणतात, हे लिहून पाठवा. कुलासोबत उपकुलही लिहा.