फवारणीच्या औषधाचं लेबल वाचता, मग पुडीचं?

आज पिकाचं नाही, घरचं लिहितोय.

कपाशीच्या औषधाची बाटली आपण दुकानातच उलटीपालटी करून बघतो. बॅच नंबर, मुदत, पक्कं बिल. अन् बाजारात "शुगर मुळापासून बंद" म्हणून विकतात ती पुडी? वर ना लायसन नंबर, ना आत काय आहे ते. आमच्या चुलत्यांनी गोळ्या सोडून तीन महिने तीच खाल्ली. शुगर चढलेली, पायाला जाणीव नाही. बाभळीचा काटा मोडला, कळलंच नाही. जखम चिघळली, दोन बोटं काढावी लागली.

विकणारा म्हणतो, "आयुर्वेदिक आहे, अपाय नाही." अहो, आयुर्वेदिक औषधालाही लायसन अन् बॅच नंबर लागतोच! अन् मधुमेह बरा करतो अशी जाहिरात करायलाच १९५४ च्या कायद्याने बंदी आहे. सत्तर वर्षं झाली, गाडीवरचा भोंगा चालूच. बोगस बियाण्यासाठी आपण तालुक्याला मोर्चा नेतो, इथे मात्र गप्प.

डॉक्टरला विचारल्याशिवाय गोळ्या सोडू नका. घरात अशी पुडी असेल तर लेबलचा फोटो पाठवा. लेबलच नसेल तर नुसत्या पुडीचा पाठवा.