कुलीनता आणि मूकपट

मुळशी तालुक्यांतील नांदे येथून एका वाचक भगिनीनें आम्हांस विचारिलें आहे कीं, मूकपटांच्या काळांतील नायिकांत यहुदी स्त्रियांचीं नांवें इतकीं कां आढळतात? प्रश्न मार्मिक आहे. कारण त्याचें उत्तर यहुद्यांपेक्षां आपल्याच घरांविषयीं अधिक सांगतें.

१९१३ सालीं 'राजा हरिश्चंद्र' काढतांना दादासाहेब फाळके यांस तारामती मिळेना. अखेर ती भूमिका साळुंके नांवाच्या पुरुषानें केली. त्याच वर्षीं 'मोहिनी भस्मासुर'मध्यें दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई या पडद्यावर आल्या. परंतु अशीं उदाहरणें विरळा. कुलीन म्हणविणाऱ्या घरांनीं चित्रपट पाहण्यास दार उघडलें. त्यांत दिसण्यास मात्र तें लावूनच ठेविलें.

ही उणीव ज्यांनीं भरून काढिली त्यांत यहुदी व अँग्लो-इंडियन मुली पुढें होत्या. 'फिरोजा बेगम' म्हणजे सुसान सॉलोमन. त्या बेने इस्रायल समाजाच्या. हा समाज कुलाब्याच्या किनाऱ्यावरचा, मराठी बोलणारा. शनिवारीं घाणा बंद ठेवीत म्हणून लोक त्यांस 'शनवार तेली' म्हणत. रूबी मायर्स यांचा जन्म १९०७ सालीं पुण्यांत, बगदादी यहुदी घराण्यांत झाला. त्या टेलिफोनच्या कचेरींत काम करीत असतां कोहिनूर कंपनीच्या मोहन भवनानी यांनीं त्यांस बोलाविलें. त्यांनींही प्रथम नकारच दिला. कारण नटीचा धंदा स्त्रीस शोभणारा मानीत नसत. पुढें त्याच 'सुलोचना' झाल्या. 'वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे' (१९२७) या एकाच मूकपटांत त्यांनीं आठ भूमिका केल्या.

हीं धारण केलेलीं नांवें बोलकीं आहेत. चेहरा सर्वांस हवा होता. घराणें कोणास नको होतें. मूकपटास भाषेची अडचण नव्हती. १९३१ सालीं जोसेफ डेव्हिड या बेने इस्रायल लेखकानें लिहिलेला 'आलम आरा' आला, पडदा बोलूं लागला आणि सुलोचनाबाईंस हिंदुस्थानी शिकण्यासाठीं कांहीं काळ थांबावें लागलें. त्या शिकल्या आणि परतल्या.

ज्या फाळक्यांस तारामती मिळाली नाहीं, त्यांच्याच नांवाचा १९७३ सालचा पुरस्कार सुलोचनाबाईंस मिळाला. मान मिळाला खरा. पण ज्या वयांत नांव बदलावें लागलें, तें वय मागें पडल्यावर. आमच्या वाचकांनीं एवढेंच मनाशीं तपासावें: जी कला आपण तिकीट काढून पाहतों, ती करणारी मुलगी सून म्हणून आपल्या घरीं चालेल काय?